दांडोऱ्यातला दांडोरा : भजनाच्या शब्दांत चर्चलाच जाब

मराठी बायबलमध्ये निर्गमच्या १५व्या अध्यायात एक ओळ आहे : 'परमेश्वर युगानुयुग राज्य करील.' स्वाहिली बायबलमध्ये 'राज्य करील' याला शब्द आहे 'अतातावाला', आणि त्याचा धातू 'तावाला'. पूर्व आफ्रिकेतलं चर्चला जाणारं पोर हा शब्द कळायला लागल्यापासून ऐकतं. उपदेशात 'तावाला' म्हटलं की राज्य करणारा कोण, हे वेगळं सांगावं लागत नाही.

जून २०२४मध्ये केनियाच्या राजधानीत, नैरोबीच्या रस्त्यांवर, करवाढीच्या वित्त विधेयकाविरुद्ध उतरलेली पोरं जी गाणी म्हणत होती, त्यातल्या एकाचं नाव 'उतावाला' होतं. म्हणजे राज्यकारभार. त्याच्या चार ओळींच्या ध्रुपदाचा आशय साधारण असा : पोटात भूक आहे पण चुलीवर चढवायला काही नाही, अंगावर धड काही उरलेलं नाही, किंमत मोजायची तयारी आहे, आणि वाईट राज्य करत असताना मी नुसता उभा राहणार नाही. शेवटच्या ओळीत तोच धातू आहे, फक्त कर्ता बदललाय. परमेश्वराच्या जागी 'वाईट' बसलंय. ज्याच्या कानात ते बायबल मुरलंय त्याला ही अदलाबदल जिथे लागायची तिथे लागते, आणि ज्याच्या कानात नाही त्यालाही गाणं समजतं. एकाच ओळीचे दोन श्रोते ठेवण्याची ही हातोटी जूलियानी या रॅपरची. त्याचं खरं नाव ज्युलियस ओविनो.

हे गाणं २०२४चं नाही, त्याच्या बरंच आधीचं. ते लिहिणाऱ्याची ओळख तेव्हा 'गॉस्पेल रॅपर' अशी होती. गॉस्पेल, म्हणजे येशूचं शुभवर्तमान, गाणारा माणूस राज्यकर्त्यांवर आणि आडून स्वतःच्या चर्चवर बोलायला लागला, तेव्हा त्या ओळखीचं काय झालं, एवढ्यापुरतंच हे प्रकरण आहे.

गाव आणि उकिरडा

जूलियानीचा जन्म १९८४चा, नैरोबीच्या पूर्व भागातल्या दांडोरा वस्तीतला. मराठी कानाला हे नाव ऐकून हसू येतं. आपल्याकडे दांडोरा पिटतात, आणि या वस्तीने पुढे तेच केलं! योगायोग आहे, पण सोडवत नाही. १९७०च्या दशकात जागतिक बँकेच्या कर्जातून ही वस्ती आखली गेली : माणसाला भूखंड, पाणी आणि सांडपाण्याची सोय द्यायची, घर त्याने स्वतः बांधायचं. त्याच दशकात शेजारी शहराचा कचरा टाकायला सुरुवात झाली. जवळजवळ ३० एकरांचा तो उकिरडा २००१मध्ये भरला म्हणून जाहीर झाला, आणि तरी रोज सुमारे २००० टन कचरा येतच राहिला. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने २००७मध्ये आसपासच्या ३२८ मुलांची तपासणी केली, तेव्हा निम्म्या मुलांच्या रक्तात मर्यादेपेक्षा जास्त शिसं निघालं. या परिसरात शाळा आहेत, दवाखाने आहेत, आणि चर्चं तर पावलोपावली आहेत. रविवारी स्तुतिगीतांचे स्पीकर आणि उकिरड्याचा धूर एकाच हवेत असतात.

१९९०च्या दशकाच्या उत्तरार्धात याच दांडोऱ्यातल्या कलामाशाका या तिघांच्या गटाने स्वाहिली आणि शेंगमध्ये रॅप केलं. शेंग म्हणजे स्वाहिलीचा सांगाडा, त्यावर इंग्रजी, किकुयू, लुओ असं सगळं चढवलेली नैरोबीच्या पोरांची बोली. अमेरिकन उच्चार करत रॅप म्हणणाऱ्यांच्या काळात हे लोकांना धक्का देणारं होतं. त्यांच्याभोवती जमलेल्या पोरांचा मोहल्ला पुढे मोम्बासाच्या मंडळींशी जोडला गेला आणि 'उकू फ्लानी मौ मौ' नावाचा मोठा कबिला तयार झाला. जूलियानी किशोरवयात त्यात शिरला. 'उकू फ्लानी' म्हणजे 'अमुक एक कूळ', पण त्या अक्षरांचा एक लांबलचक विस्तारही ही मंडळी सांगायची. त्यात सगळीकडे प्रेम आणि निर्माणकर्त्याची शिकवण असे शब्द होते. म्हणजे नावात अर्धी प्रार्थना, अर्धं बंड.

बंडाचं नाव मौ मौचं. १९५२मध्ये ब्रिटिशांनी ज्याच्यासाठी आणीबाणी लावली तो जमिनीचा लढा. (गोव्याच्या वाचकांना इथे पियो गामा पिंटो आठवावेत. नैरोबीत जन्मलेला हा गोवन माणूस मौ मौला मदत केल्याबद्दल १९५४पासून कैदेत होता, आणि स्वतंत्र केनियात २४ फेब्रुवारी १९६५ रोजी त्यांचा खून झाला.)

चाल त्यांची, शब्द आपले

या प्रकरणाकडे 'हिप-हॉप आलं आणि चर्चवर टीका सुरू झाली' असं पाहिलं तर फसगत होते. १९२९मध्ये मिशनरी चर्चांनी किकुयू समाजातल्या मुलींच्या खतन्याविरुद्ध मोहीम उघडली, आणि प्रथा न सोडणाऱ्यांना चर्चमधून काढायला लागले. तेव्हा 'मुथिरिगू' नावाचं नाचगाणं गावोगाव पसरलं. त्यात पाद्री, सरकारी मुखत्यार आणि त्यांच्या मागे लागलेले लोक यांची नावं घेऊन टवाळी होती. ज्या प्रथेची त्यात पाठराखण होती ती आज कुणी उचलून धरणार नाही, धरूही नये. पण गाण्यातला राग प्रथेपुरता नव्हता. देव दाखवता दाखवता जमीन नेली, हा त्यात आरोप होता. १९३०च्या सुरुवातीला सरकारने गाण्यावर बंदी घातली.

मौ मौच्या काळात त्याहून चतुर गोष्ट झाली. ख्रिस्ती स्तोत्रांच्या चाली तशाच ठेवून त्यात जमिनीचे आणि लढ्याचे शब्द भरले गेले. रस्त्याने जाणाऱ्या गोऱ्या अधिकाऱ्याला वाटायचं, माणसं देवाचं भजन म्हणतायत. चाल हीच त्या शब्दांची आडोशाची जागा होती.

म्हणून चर्चच्या सुरात चर्चबाहेरचं बोलणं ही दांडोऱ्याच्या पोरांची स्वतःची नवी शक्कल नाही. ती त्यांच्या आजोबांची आहे. नवं इतकंच की आता पलीकडे गोरा मिशनरी नाही, आपलाच पाळक, म्हणजे पास्टर, आहे.

चर्चची पडझड

जूलियानीच्या टीकेतली धार समजायची तर आधीचं चर्च आठवावं लागतं. १९८०-९०च्या दशकांत, राष्ट्राध्यक्ष मोईंच्या एकपक्षीय राजवटीत, विरोधी आवाज उरला होता तो बऱ्याच अंशी चर्चच्या व्यासपीठावरच. बिशप अलेक्झांडर मुगे यांना एका मंत्र्याने 'आमच्या भागात आलात तर जिवंत परत जाणार नाही' असं बजावलं होतं. ते गेले, आणि १४ ऑगस्ट १९९०ला परतताना रस्त्यावरच्या अपघातात मेले. ७ जुलै १९९७ला आंदोलकांच्या मागे पोलिस नैरोबीच्या ऑल सेंट्स कॅथीड्रलमध्ये घुसले आणि तिथे अश्रुधूर सोडला. लोकांना आसरा देणारं चर्च होतं ते.

मग डिसेंबर २००७ची निवडणूक आली आणि तिच्यामागे दंगल. या हिंसाचाराची चौकशी करणाऱ्या वाकी आयोगाच्या मोजणीप्रमाणे १,१३३ माणसं मेली. १ जानेवारी २००८ला एल्डोरेटजवळच्या कियांबा इथे आसऱ्याला आलेल्या लोकांसकट चर्च पेटवण्यात आलं. आत मुख्यतः बाया आणि मुलं होती. त्याच वर्षी फेब्रुवारीत केनियाच्या चर्च परिषदेने एक निवेदन काढलं. आम्ही पक्षपाती झालो होतो, म्हणून या प्रश्नांना सामोरं जाऊ शकलो नाही, अशी त्यात कबुली होती. कुठल्याही धर्मसंस्थेने इतकं उघड बोलणं दुर्मिळ, आणि त्याचं श्रेय त्यांना द्यायला हवं. पण कबुली दिली की माणसं आठवण विसरतात असं नाही. उलट, ढोंगाचा पुरावा आता ढोंग्याच्याच सहीने मिळाला होता.

ऑगस्ट २०१०च्या सार्वमतात त्याचा एक परिणाम दिसला. नव्या राज्यघटनेतल्या गर्भपाताच्या आणि कादी (मुस्लिम) न्यायालयांच्या कलमांमुळे बहुतेक मोठ्या चर्चांनी 'नाही' म्हणा असं सांगितलं. देशात मोठी बहुसंख्या ख्रिस्ती. २०१९च्या जनगणनेत हे प्रमाण ८५.५ टक्के भरलं. तरी सुमारे ६७ टक्के मतदारांनी 'हो' म्हटलं. लोक रविवारी चर्चमध्ये होते, आणि मतदानाच्या दिवशी नव्हते.

रॅपर, पाळकाच्या शेजारी

या सगळ्याच्या मधोमध जूलियानीची वाटचाल चालू होती. २००५मध्ये त्याचं 'तारण' झालं, म्हणजे त्याने स्वतःला नव्याने जन्मलेला ख्रिस्ती म्हणायला सुरुवात केली. केनियात या शब्दाने माणसाचा रस्ता बदलतो. उकू फ्लानीतल्या पोराला जे दरवाजे बंद होते ते उघडले : शाळांमधले कार्यक्रम, चर्चच्या युवक सभा, रविवारचे टीव्ही कार्यक्रम. २००८मध्ये त्याचा पहिला अल्बम 'म्टा मेंटॅलिटी' आला. म्टा म्हणजे मोहल्ला, वस्ती. तारण झालेल्या माणसाने पहिल्या अल्बमच्या नावात स्वर्ग न घेता गल्ली घेतली, ही त्याची पहिली खूण.

दुसरी खूण २०११चा अल्बम, 'पुल्पिट क्वा स्ट्रीट'. व्यासपीठ रस्त्यावर. नावातच तक्रार आहे : जे आत बोललं जातं ते बाहेर का पोचत नाही? मला या नावाचं कौतुक आहे ते त्याच्या सभ्यपणासाठी. 'पाळक चोर आहेत' असं त्यात नाही. व्यासपीठ जाळायचं नाही, उचलून रस्त्यावर ठेवायचं आहे. येशूने मंदिरात सराफांचे चौरंग उलथले ही गोष्ट प्रत्येक गॉस्पेल गायकाला पाठ असते. ती गोष्ट आज कुठल्या इमारतीत घडली असती, हे विचारायला फार थोडे धजतात.

त्याच्या गाण्यांतला चर्चचा सूर म्हणजे नेमकं काय, हे थोडं उलगडून सांगायला हवं, कारण ऐकणाऱ्याची फसगत होते. पूर्व आफ्रिकेतल्या चर्चमध्ये दोन प्रकारचं गाणं असतं. एक 'क्वाया', म्हणजे चार आवाजांचा सराव केलेला गानवृंद. दुसरं 'पाम्बिओ', दोनचार ओळींचं छोटं गीत. एकाने उचलायचं, सगळ्यांनी परतवायचं, टाळ्यांवर, हवं तितक्या वेळा. पुस्तक लागत नाही, वाचता यावं लागत नाही. रॅपच्या गाण्यात मधली कडवी दाट, चपळ, कोट्यांनी भरलेली असतात. ती पहिल्यांदा ऐकून पूर्ण कळत नाहीत. पण ध्रुपदाला जूलियानी पाम्बिओचं माप देतो. चार ओळी, साधे शब्द, पुन्हापुन्हा. गर्दीला कडवी कधीच येत नाहीत, ध्रुपद येतं. स्वाहिलीत जवळपास प्रत्येक शब्द स्वरात संपतो, त्यामुळे यमक जुळवणं सोपं. म्हणून तिथला चांगला रॅपर यमकावर जगत नाही, श्लेषावर जगतो. शब्द चर्चचा आणि अर्थ गल्लीचा असला, की श्लेष आपोआप होतो.

त्याचं 'बाहाशा या ओकाम्पो' हे गाणं घ्या. बाहाशा म्हणजे पाकीट. २००७-०८च्या हिंसाचारामागच्या संशयितांची नावं एका बंद पाकिटात मध्यस्थ कोफी अन्नान यांच्याकडे होती. जुलै २००९मध्ये त्यांनी ते आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात अभियोग चालवणारे वकील लुईस मोरेनो ओकाम्पो यांना दिलं, आणि डिसेंबर २०१०ला ओकाम्पोंनी सहा नावं जाहीर केली. पाकीट उघडेपर्यंत चहाच्या टपरीवरही तोच विषय होता. बंद यादीत कुणाचं नाव आहे, हा प्रश्न रविवारच्या प्रवचनातल्या जीवनाच्या पुस्तकापासून, म्हणजे तारण होणाऱ्यांच्या नावांच्या देवाकडच्या यादीपासून, कितीसा दूर? गॉस्पेल रॅपरने हे शीर्षक उचललं हे सहज नव्हतं.

याच काळात दुसरीकडे काय चाललं होतं ते पाहा. सहांतले दोघे, पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले उहुरु केन्याटा आणि विल्यम रुटो, एप्रिल २०११मध्ये हेगहून पहिली हजेरी लावून आले, आणि नैरोबीच्या उहुरु पार्कात त्यांची 'प्रार्थना सभा' झाली. अशा सभा देशभर झाल्या. मंचावर पाळक, डोळे मिटलेले नेते, हात ठेवून आशीर्वाद. बळी गेलेल्यांच्या नावाने तितक्या मोठ्या सभा झाल्या नाहीत. पुढे दोघांवरचे खटले टिकले नाहीत, केन्याटांवरचे आरोप डिसेंबर २०१४मध्ये मागे घेतले गेले आणि रुटोंवरचा खटला एप्रिल २०१६मध्ये संपला, तेव्हा न्यायालयीन निकाल म्हणून कुणी काही बोलू शकत नाही. पण प्रार्थनेचा उपयोग कशासाठी झाला, हे पाहायला न्यायाधीश लागत नाही.

शिक्का

आता प्रकरणातली अवघड जागा. गॉस्पेल ही केनियात नुसती श्रद्धा नाही, ती बाजारपेठ आहे. रेडिओचे तास, पुरस्कार, कंपन्यांचं प्रायोजकत्व, लग्नसमारंभ. ढोलकी, कीबोर्ड आणि नाचायचा ठेका या बाबतीत गॉस्पेल गाणं आणि क्लबचं गाणं ओळखू येऊ नये इतके जवळ आलेले. गॉस्पेल 'सुरक्षित' माल आहे, म्हणून तो जास्त ठिकाणी वाजतो. दांडोऱ्याच्या रॅपरला हा शिक्का मिळाल्यामुळे त्याचे शब्द अशा घरांत गेले जिथे हिप-हॉप ऐकलं तर आई रेडिओ बंद करते. शिक्क्याचा हा फायदा नाकारण्यात अर्थ नाही.

पण शिक्का राखणदारही असतो. कुणाबरोबर गायलास, कपडे कसले, गाण्यात येशूचं नाव किती वेळा, याची मोजदाद होते. आणि गंमत अशी की भ्रष्टाचारावर बोललं की प्रश्न येतो, 'हे गॉस्पेल कुठंय?' जणू शुभवर्तमानात करवसुलीवाले, विधवा आणि उपाशी माणसं नाहीतच. जूलियानीने पुढे मुलाखतींमधून 'गॉस्पेल कलाकार' ही ओळख बाजूला सारली. आपण ख्रिस्ती आहोत आणि संगीत करतो, एवढंच पुरे, अशी त्याची भूमिका. काहींनी याला घसरण म्हटलं. मला वाटतं, अल्बमच्या नावात दिलेला शब्द त्याने इथे पाळला. व्यासपीठ रस्त्यावर आणायचं तर त्यावरची पाटी काढावीच लागते. मात्र एक नुकसान झालंच. पाटी असताना आई रेडिओ चालू ठेवायची, आणि ज्यांनी ऐकायला हवं ते त्यामुळे ऐकत होते.

शेजारच्या टांझानियात रोमा म्काटोलिकी, म्हणजे 'रोमा कॅथलिक', या नावाने गाणारा रॅपर आहे. त्याने धर्माचं नाव थेट बिरुदात घेतलं आणि टीका सरकारवर केली. एप्रिल २०१७मध्ये दार-ए-सलामच्या स्टुडिओतून त्याला अज्ञात लोकांनी उचलून नेलं, काही दिवसांनी सोडलं. तिथली कथा वेगळी, भीतीची जात वेगळी. केनियात जूलियानीला कुणी उचललं नाही. त्याच्यासमोरची अडचण मऊ होती, पैशाची आणि मानाची, आणि मऊ अडचणीशी भांडणं कधीकधी जास्त जिकिरीचं असतं.

पैशावरून आठवलं. २००७मध्ये मोबाइलवरून पैसे पाठवायची एम-पेसा सेवा सुरू झाली, आणि दान देण्याची रीतच पालटली. 'पांडा म्बेगू', बी पेरा, म्हणजे पाळकाला पैसे पाठवा, देव पीक देईल. २०१४मध्ये केटीएन वाहिनीने नैरोबीतल्या एका प्रसिद्ध पाळकाच्या चमत्कारामागची पोटॅशियम परमँगनेटची पूड दाखवली. भक्तांच्या पायाचं पाणी तिने लाल व्हायचं. त्याची बी होती ३१० शिलिंगांची, आणि हा आकडा केनियात आजही विनोदात येतो. सरकारने मग पाळकांसाठी शिक्षणाच्या अटी वगैरे असलेले नियम आणायचं ठरवलं. चर्चांनी एकजुटीने विरोध केला आणि जानेवारी २०१६मध्ये ते गुंडाळले गेले. दंगलीच्या वेळी जी एकजूट दिसली नव्हती, ती इथे दिसली.

ध्रुपद परत येतं

२५ जून २०२४ला आंदोलक संसदेत घुसले, गोळीबार झाला, दुसऱ्या दिवशी राष्ट्राध्यक्ष रुटोंनी विधेयक मागे घेतलं. त्या आठवड्यांत मोबाइलवर फिरणाऱ्या चित्रफितींखाली 'उतावाला' वाजत होतं. त्याच पोरांनी रविवारी चर्चकडेही मोर्चा वळवला. राजकारण्यांच्या हाती ध्वनिक्षेपक देऊ नका, एवढीच मागणी. ती नवी नव्हती. सप्टेंबर २०२१मध्ये अँग्लिकन चर्चचे आर्चबिशप जॅक्सन ओले सापित यांनी राजकारण्यांना व्यासपीठावरून बोलायला मनाई केली होती. पण तेव्हा ती वरून आलेली सूचना होती, आता बाकांवरून आलेली ताकीद.

ज्या गाण्यात पाळकाचा साधा उल्लेख लागत नाही ते चर्चवरचं गाणं कसं, असं कुणी विचारेल. माझं उत्तर शेवटच्या ओळीतल्या 'उभा राहणार नाही' या क्रियापदात आहे. स्वाहिलीत ते 'सिमामा'. चर्चमध्ये दिवसातून दहा वेळा 'उभे राहा' अशी सूचना येते, आणि लोक उभे राहतात. २००८च्या निवेदनात चर्चने कबूल केलेला गुन्हाही हाच होता : वाईट घडत असताना उभं राहणं. जूलियानीने पाळकाचं नाव घेतलं नाही. त्याच्या आज्ञेला नकार दिला.

नोव्हेंबर २०२४मध्ये रुटोंनी नैरोबीतल्या सोवेटो कॅथलिक चर्चला भेट देऊन देणगी दिली, आणखी द्यायचं कबूल केलं. आर्चबिशप फिलिप आन्योलो यांनी पैसे परत केले. केनियात हे पाहून अनेकांनी डोळे चोळले. मार्च २०२५मध्ये रोयसांबूमधल्या दुसऱ्या एका चर्चला रुटोंनी २ कोटी शिलिंग देऊ केले. तिथे ते परत गेले नाहीत. पुढच्या रविवारी तरुण मुलं चर्चकडे निघाली तेव्हा पोलिसांनी अश्रुधूर सोडला. १९९७मध्ये ऑल सेंट्समध्ये अश्रुधूर आत सुटला होता, आणि पोरंही आतच होती.